रक्ततपासणी : सुई टोचण्यापूर्वी आणि अहवाल हाती आल्यावर

(पांढुर्णा जिल्ह्यातील ग्रामस्थ, शिक्षक व शासकीय कर्मचारी यांच्या सभेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



रक्ततपासणी हा विषय तसा रुक्ष आहे. सुई टोचायची, रक्त घ्यायचे, कागद द्यायचा. यात तासभर बोलण्यासारखे काय आहे, असा प्रश्न एका सद्गृहस्थांनी मला येथे येण्यापूर्वी विचारला. त्यांचे म्हणणे सुईपुरते खरे आहे. खरी अडचण कागद हाती आल्यानंतर सुरू होते. आपल्या भागात तर ती अधिकच. अहवाल छापलेला असतो इंग्रजीत, डॉक्टरसाहेब तो समजावून सांगतात हिंदीत, आणि घरी गेल्यावर सासूबाईंना तो सांगावा लागतो मराठीत, क्वचित गोंडीत. तीन भाषांच्या या प्रवासात अर्थ पुष्कळदा वाटेतच सांडतो आणि घरी पोहोचते ती केवळ भीती.

प्रथम रक्त किती घेतात ते पाहू. सर्वसाधारण तपासणीसाठी एका नळीत दोन ते पाच मिलिलिटर, म्हणजे फार तर चहाचा एक लहान चमचा भरेल इतके रक्त लागते. प्रौढ माणसाच्या शरीरात सुमारे पाच लिटर रक्त असते. तेव्हा दोन-तीन नळ्या भरल्या म्हणून अशक्तपणा येत नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यामध्ये जाम नदीवर गोटमार होते आणि तेथे सांडणाऱ्या रक्ताकडे आपण परंपरा म्हणून पाहतो. चमचाभर रक्त नळीत गेले म्हणजे मात्र आपल्याला घेरी येते! विनोद बाजूस ठेवू. ज्यांना सुई पाहून खरोखरच भोवळ येते, त्यांनी तसे आधी सांगावे आणि आडवे पडून रक्त द्यावे. त्यात संकोच वाटण्याचे कारण नाही.

नळ्यांची टोपणे निरनिराळ्या रंगांची असतात, यावरूनही लोक तर्क लढवितात. जांभळ्या टोपणाच्या नळीत रक्त गोठू न देणारे द्रव्य असते. पेशी मोजण्यासाठी ती वापरतात. करड्या टोपणाच्या नळीतील द्रव्य रक्तातील साखर टिकवून धरते. लाल टोपणाच्या नळीत रक्त गोठू देतात आणि वर सुटलेला द्रव तपासतात. रंग रोगाचा नव्हे, तपासणीच्या प्रकाराचा. नळीवर आपले नाव, वय व क्रमांक आपल्यासमोर लिहून घ्यावा. एकाच नावाची तीन माणसे ज्या गावात असतात, तेथे ही खबरदारी क्षुल्लक नव्हे. कधी रक्त नळीत गुठळी होऊन बसते, कधी त्यातील पेशी फुटतात, आणि मग ‘पुन्हा रक्त द्या’ असा निरोप येतो. असा निरोप म्हणजे काही भयंकर सापडले, असे समजू नये. नमुना बिघडला, एवढाच बहुधा त्याचा अर्थ असतो.

उपाशीपोटी साखर तपासायची असेल तर किमान आठ तास काही खाऊ नये. पाणी चालते. दुधाचा चहा चालत नाही, मग तो बिनसाखरेचा का असेना. आपल्या बागाईतदार बांधवांसाठी विशेष सांगतो : पहाटे बागेत फेरी मारताना सोलून खाल्लेले एक संत्रेही उपवास मोडते. नेहमीची औषधे मात्र स्वतःच्या मनाने बंद करू नयेत. कोणती घ्यावी व कोणती मागे ठेवावी, हे आदल्या दिवशी विचारून घ्यावे. तपासणीच्या आधी दोन दिवस गोड सोडून देणारे गृहस्थही आढळतात. त्यांना आपला आकडा चांगला यावा असे वाटते. ही परीक्षा उत्तीर्ण होण्यासाठी नाही. नेहमी जसे जेवतो तसेच जेवून रक्त दिले, तरच निदान खरे होईल.

आता अहवालाकडे वळू. त्यावर आपला आकडा असतो आणि त्याच्या शेजारी संदर्भमर्यादा असते. पुष्कळ तपासण्यांत ही मर्यादा ठरविताना निरोगी माणसांचे नमुने घेतात आणि त्यांपैकी मधल्या ९५ टक्के लोकांचे आकडे ज्या दोन टोकांच्या आत पडतात, ती टोके छापतात. याचा अर्थ असा की, १०० निरोगी माणसांपैकी सुमारे पाच जणांचा आकडा मर्यादेबाहेर जाणारच. वीस बाबी तपासल्या तर निरोगी माणसाच्याही एखाद्या बाबीपुढे चांदणी किंवा ठळक अक्षर यावे, यात नवल नाही. प्रत्येक प्रयोगशाळेचे यंत्र निराळे असल्यामुळे मर्यादाही थोड्याफार निराळ्या असतात. म्हणून सौंसरचा अहवाल आणि नागपूरचा अहवाल शेजारी ठेवून दशांशाचा फरक मोजत बसू नये.

आपण शेतातील माती तपासणीस पाठवितो, तेव्हा एका कोपऱ्यातील मूठभर मातीवरून साऱ्या वावराचा निकाल लावत नाही. पाच-सहा ठिकाणची माती घेतो, मागील वर्षीचे पत्रक काढतो, झाडांच्या पानांचा रंग पाहतो. रक्ताच्या बाबतीतही हीच रीत. एका आकड्यापेक्षा तो आकडा सहा महिन्यांपूर्वी किती होता, हे डॉक्टरांना अधिक सांगून जाते. म्हणून जुने अहवाल रद्दीत घालू नका. एका पिशवीत तारीखवार ठेवा आणि प्रत्येक वेळी सोबत न्या.

साखरेच्या मर्यादा ठरविण्याची रीत थोडी निराळी आहे. तेथे पुढे होणाऱ्या अपायाचा विचार केलेला असतो. उपाशीपोटी १०० मिलिलिटर रक्तात १०० मिलिग्रॅमपेक्षा कमी साखर ही सर्वसाधारण होय. १०० ते १२५ हा सावध होण्याचा पट्टा आहे, आणि १२६ किंवा अधिक असेल तर मधुमेह समजतात. तथापि काहीही लक्षण नसलेल्या माणसाला एकाच आकड्यावर मधुमेही ठरवीत नाहीत, तपासणी पुन्हा करून खात्री करतात.

एका शब्दाने फार घोटाळा होतो. तो शब्द ‘पॉझिटिव्ह’. बोलीत त्याचा अर्थ चांगला असा झाला आहे. अहवालात त्याचा अर्थ ‘जे शोधत होतो ते सापडले’ एवढाच. मलेरिया पॉझिटिव्ह म्हणजे मलेरिया सापडला. निगेटिव्ह म्हणजे सापडला नाही. रक्तगटापुढील पॉझिटिव्ह आणखी वेगळा. तो रक्तगटाचा एक भाग आहे, त्यात बरेवाईट काही नाही. एकाच कागदावर ‘ओ पॉझिटिव्ह’ आणि खाली ‘सिकल पॉझिटिव्ह’ अशी नोंद असली की दोहोंची सरमिसळ होते. रक्तगटावरून सिकल सेल कळत नाही आणि सिकल सेलवरून रक्तगट कळत नाही.

तापाच्या हंगामात केल्या जाणाऱ्या दोन तपासण्यांबद्दल थोडे सांगून पुढे जातो. विडाल नावाची तपासणी एकदाच केली आणि ती पॉझिटिव्ह आली, एवढ्यावरून टायफॉइड सिद्ध होत नाही. पूर्वी कधी होऊन गेलेला ताप, घेतलेली लस, इतर काही संसर्ग यांच्यामुळेही ती पॉझिटिव्ह येते. खात्रीची तपासणी म्हणजे रक्तातील जंतू वाढवून पाहणे. दुसरी बाब बिंबिकांची, ज्यांना सर्वजण प्लेटलेट म्हणतात. त्यांची संख्या साधारणतः दीड ते साडेचार लाख असते. डेंगीत ती एक लाखाच्या खाली गेली की घरचे लोक प्लेटलेटच्या पिशवीसाठी धावपळ करतात. रक्तस्राव नसेल तर केवळ त्या आकड्यासाठी पिशवी चढविण्याची गरज नसते. त्या दिवसांत रोग्याच्या पोटातील दुखणे, सततच्या वांत्या, लघवीचे प्रमाण आणि सुस्ती यांकडे अधिक लक्ष द्यावे लागते.

आता हिमोग्लोबिन. आपल्या गावांत सर्वांत अधिक वेळा होणारी ही तपासणी आणि सर्वांत अधिक वेळा दुर्लक्षिला जाणारा हा आकडा. तांबड्या पेशींत असणारे हे द्रव्य फुप्फुसांतून प्राणवायू घेऊन शरीरभर पोहोचविते. १०० मिलिलिटर रक्तात ते पुरुषात १३ ग्रॅम, स्त्रीत १२ ग्रॅम आणि गर्भवतीत साधारणतः ११ ग्रॅम यांपेक्षा कमी असेल तर रक्तक्षय म्हणतात. गर्भवतीचे हिमोग्लोबिन ७ ग्रॅमच्या खाली असेल तर तिला रुग्णालयात नेण्यास एक दिवसाचाही विलंब करू नये. ‘बायकांचे रक्त कमीच असते’ हे वाक्य मी सुशिक्षित घरांतूनही ऐकले आहे. ते जणू निसर्गनियम असल्यासारखे उच्चारले जाते, याचा मला मनापासून खेद वाटतो.

रक्तक्षयाचे मोठे कारण लोहाची कमतरता. शासनातर्फे गर्भवतीला चौथ्या महिन्यापासून किमान १८० दिवस लोह व फॉलिक आम्लाची गोळी रोज एक याप्रमाणे दिली जाते. गोळीने शौचास काळे होते. त्याला घाबरून ती सोडू नये. गोळी चहाबरोबर घेतली तर लोह नीट शोषले जात नाही. लिंबू-संत्र्यासारख्या आंबट फळासोबत ते चांगले शोषले जाते, आणि संत्र्याला तर आपला प्रदेश प्रसिद्धच आहे. रक्तक्षय असलेल्या व्यक्तीने गोळ्या नियमाने घेतल्यावर महिन्याभरात हिमोग्लोबिन सुमारे एक ग्रॅमने वाढावे अशी अपेक्षा असते. तसे न वाढल्यास ‘गोळी लागू पडली नाही’ एवढ्यावर थांबू नये. कारण शोधावे. जंत, आतील रक्तस्राव, थॅलसेमियाचा अंश, आणि आपल्या मुलखात विशेषेकरून सिकल सेल, या शक्यता तपासाव्या लागतात.

सिकल सेल हे नाव आता बहुतेकांच्या कानांवरून गेले आहे. १ जुलै २०२३ रोजी आपल्याच राज्यातील शहडोल येथून सिकल सेल निर्मूलनाचे राष्ट्रीय अभियान सुरू झाले. ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी करणे आणि २०४७ पर्यंत हा आजार सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न म्हणून उरू न देणे, हे त्याचे उद्दिष्ट आहे. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये छिंदवाड्यातून वेगळा होऊन आपला पांढुर्णा जिल्हाही अस्तित्वात आला.

हा आजार मात्र नवा नाही. भारतात तो प्रथम १९५२ साली निलगिरीच्या डोंगरांत आढळल्याची नोंद आहे. १९५८ साली नागपूरच्या डॉ. शुक्ला व डॉ. सोळंकी यांनी मध्य भारतातील सिकल सेलच्या अंशाविषयी ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात लिहिले. त्याच्या दोनच वर्षे आधीपर्यंत नागपूर ही आपल्या मध्यप्रदेशाची राजधानी होती. राज्याची सीमा १९५६ साली बदलली; रक्ताला ती सीमा ठाऊक नव्हती. हा आजार केवळ आदिवासींचा, असेही कोणी समजू नये. नागपूर-विदर्भाच्या पट्ट्यात तो आदिवासींबरोबर अनुसूचित जाती व इतर मागासवर्गीय समाजांतही आढळला आहे.

हिमोग्लोबिनच्या एका साखळीत १४६ दुवे असतात. त्यांतील सहाव्या ठिकाणचा एकच दुवा बदललेला असतो. एवढ्या बदलाने प्राणवायू कमी झाला की तांबडी पेशी वाकते व विळ्यासारखी होते. निरोगी पेशी सुमारे १२० दिवस जगते. विळ्याच्या आकाराची पेशी १० ते २० दिवसांतच नष्ट होते, म्हणून रक्त कमी राहते. अशा पेशी बारीक वाहिन्यांत अडकल्या की हाडे व सांधे असह्य दुखतात. हा बदल टिकून का राहिला, याचे उत्तर मलेरियात आहे. ज्याच्याकडे या बदलाचा अर्धाच वाटा असतो, त्याला मलेरियाच्या जीवघेण्या प्रकारापासून पुष्कळ संरक्षण मिळते, हे अॅलिसन या शास्त्रज्ञाने १९५४ साली आफ्रिकेतील अभ्यासावरून दाखविले. म्हणजे हा कोणाच्या पूर्वकर्माचा अथवा शापाचा परिणाम नव्हे. मलेरियाच्या प्रदेशांत पिढ्यान्पिढ्या तगून राहिलेल्या माणसांनी मागे ठेवलेली ती खूण आहे.

शाळेत किंवा अंगणवाडीत होते ती तपासणी अशी : बोटाच्या टोकाचे थेंबभर रक्त एका द्रावणात टाकतात. द्रावण स्वच्छ राहिले आणि नळीमागच्या काळ्या रेघा दिसल्या, तर निगेटिव्ह. द्रावण गढूळ होऊन रेघा दिसेनाशा झाल्या, तर पॉझिटिव्ह. येथे कृपा करून लक्ष द्यावे. गढूळपणा एवढेच सांगतो की सिकल हिमोग्लोबिन आहे. ते एका पालकाकडून आले की दोघांकडून, म्हणजे माणूस केवळ वाहक आहे की रुग्ण आहे, हे त्यावरून कळत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस अथवा एचपीएलसी ही दुसरी तपासणी करावी लागते. नमुना मोठ्या प्रयोगशाळेत जातो आणि निकालास काही दिवस लागतात. सहा महिन्यांच्या आतील बालकात व नुकतेच रक्त चढविलेल्या माणसात पहिली तपासणी फसवी ठरू शकते, हेही ध्यानात असावे.

दुसऱ्या तपासणीत वाहक ठरलेला माणूस आजारी नाही. तो शेतात काम करतो, मुलेबाळे वाढवितो. त्याला सहसा औषध लागत नाही आणि त्याचे हिमोग्लोबिन बहुधा सर्वसाधारण असते. वाहकाला अशक्तपणा वाटत असेल तर त्याचे कारण दुसरीकडे शोधावे. रुग्णाची गोष्ट वेगळी. त्याला फॉलिक आम्ल, भरपूर पाणी, लसी, नियमित तपासणी व आवश्यक तर हायड्रॉक्सियुरिया हे औषध लागते. लोहाची कमतरता आहे की नाही हे पाहिल्याशिवाय त्याने लोहाच्या गोळ्या स्वतःच्या मनाने घेऊ नयेत. ज्यांना वारंवार रक्त चढवावे लागते, त्यांच्या शरीरात लोह आधीच साठत असते. त्याच्या मधुमेहाचा अंदाज घेतानाही सावध राहावे लागते. तीन महिन्यांची सरासरी साखर सांगणारी एचबीएवनसी ही तपासणी तांबड्या पेशीच्या आयुष्यावर बेतलेली आहे. पेशीच लवकर मरत असेल तर तो आकडा खोटाच कमी दिसतो.

आता ज्या गोष्टीसाठी मी मुख्यतः येथे आलो, ती सांगतो. वाहकाचा अहवाल घरात आला की पहिली शंका उठते ती लग्नाची. आणि अनुभव असा की, तपासणी होते मुलीची, चर्चा होते मुलीची, सोयरीक मोडते मुलीची. मुलाचे रक्त कोणी तपासतच नाही. हा अन्याय तर आहेच, शिवाय गणितही चुकते. एक वाहक आणि दुसरा पूर्ण निरोगी असेल, तर त्यांचे एकही मूल सिकल सेलचा रुग्ण होत नाही. प्रत्येक मुलाला वाहक होण्याची शक्यता निम्मी असते, एवढेच. दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गर्भारपणात रुग्ण मूल होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५० टक्के आणि पूर्ण निरोगी होण्याची २५ टक्के. काही कुटुंबे याचा अर्थ ‘चारांतले एक’ असा घेतात आणि पहिले मूल रुग्ण निघाले म्हणजे पुढील तीन सुटली, असे मानतात. तसे नाही. प्रत्येक खेपेस चिठ्ठी नव्याने काढली जाते.

म्हणून एकट्या मुलीच्या कागदावरून काहीही ठरत नाही. तपासणी दोघांची हवी, आणि ती गढूळ-स्वच्छ पाहण्याची नव्हे, एचपीएलसीची. कारण थॅलसेमियाचा अंश पहिल्या तपासणीत दिसत नाही, आणि सिकलचा वाहक व थॅलसेमियाचा वाहक एकत्र आले तरी मूल रुग्ण होऊ शकते. लग्न ठरविण्याच्या आधी, वयात आल्यावर, शाळा-महाविद्यालयातच दोघांचे कागद तयार असतील, तर मांडवाच्या दारात अश्रू गाळण्याची पाळी येणार नाही.

शिक्षक बंधुभगिनींना माझी विनंती आहे. तपासणीच्या निकालाची यादी वर्गाच्या भिंतीवर लावू नका, नावे मोठ्याने वाचू नका. मुलाचा अहवाल त्याच्या पालकांना एकांतात द्या. वर्गात सिकल सेलचा रुग्ण असेल तर त्याला तासाला पाणी पिऊ द्या, लघवीला जाऊ द्या, उन्हात किंवा कडाक्याच्या थंडीत धावण्याची सक्ती करू नका. ताप, छातीत दुखणे, धाप, एका बाजूचा अशक्तपणा, एकाएकी पांढरेफटक पडणे, यांपैकी काहीही दिसले तर ‘घरी जाऊन झोप’ म्हणू नका. त्याच क्षणी रुग्णालयात पाठवा.

आणि अधिकारीवर्गासही दोन शब्द, आदरपूर्वक. किती जणांचे रक्त घेतले हा आकडा आपल्या मासिक पत्रकात असतो. किती जणांच्या हाती निकाल पोहोचला आणि किती जणांना तो त्यांच्या बोलीत समजावून सांगितला, हेही रकाने त्यात असावेत. रक्त देऊन गेलेला ग्रामस्थ निकालाची वाट पाहत असतो. तो मिळाला नाही तर पुढच्या शिबिरात हात पुढे करीत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही. आशा ताई आणि प्रयोगशाळा तंत्रज्ञ यांना निकालाची तारीख सांगण्याची सवय लावली, तर निम्मे काम होईल.

शेवटी, ज्यांची लग्ने झाली आहेत आणि जे दोघेही वाहक आहेत, त्यांच्याविषयी. त्यांनी हताश होण्याचे कारण नाही. गर्भ रुग्ण आहे किंवा कसे, हे गर्भावस्थेच्या सुमारे १० ते १२ आठवड्यांत तपासता येते. ही सोय मोठ्या केंद्रांतच असते आणि तेथे जाण्यापूर्वी समुपदेशन घ्यावे लागते. हे सारे जुळून येण्यासाठी दिवस गेल्याचे कळताच नाव नोंदविले पाहिजे आणि त्याच दिवशी पतीनेही रक्त दिले पाहिजे. आजही पुष्कळ घरी सून चौथ्या-पाचव्या महिन्यात नोंदणीस येते, आणि पती तर संत्र्याच्या गाडीबरोबर बाहेरगावी गेलेला असतो.